अमेरिकेतल्या पार्टीचा प्लॅटफॉर्म कसा वाचायचा, आम्ही घरी वाचतो ती पद्धत

२०१८ ला मी इथली सिटिझन झाले आणि २०२० ला पहिल्यांदाच प्रेसिडेंटसाठी मत द्यायचं होतं, तर त्या उन्हाळ्यात सांगलीहून बाबांचा फोन आला आणि त्यांचा पहिला प्रश्न काय, तर दोन्ही पक्षांचे जाहीरनामे वाचलेस का. बाबा म्हणजे निवडणूक आली की पेपरात छापून आलेला जाहीरनामा कापून वहीत चिकटवणारे, आणि पाच वर्षं त्यावर लाल पेनाने खुणा करत बसणारे. मी म्हटलं, बाबा इथं लोक डिबेट बघतात, टीव्हीवरच्या जाहिराती बघतात, जाहीरनामा कोणी वाचत नाही. तर म्हणाले, "अगं पण छापलेला असेल ना कुठेतरी? छापलाय तर वाच." तेव्हापासून वाचतेय, जुने पण शोधून वाचले, आणि आता आमच्या न्यू जर्सीतल्या मंडळात नवीन सिटिझन झालेलं कोणी विचारलं की मी हेच सगळं सांगते, म्हणून एकदा नीट लिहून काढतेय.

इथं जाहीरनाम्याला प्लॅटफॉर्म म्हणतात आणि त्यातल्या एकेका मुद्द्याला प्लँक म्हणजे फळी. पूर्वी पुढारी लाकडी मंचावर उभे राहून बोलायचे, मंच फळ्यांचा बनलेला, त्यावरून हे शब्द. हा शब्द डोक्यात ठेवा कारण इथल्या बातम्यांमध्ये "त्या प्लँकवरून भांडण झालं" असं सतत येतं आणि भांडण खरंच एकेका फळीवरून होतं, अख्ख्या मंचावरून नाही.

आपल्याकडच्या जाहीरनाम्याची सवय असेल तर एक फरक आधी लक्षात घ्या. आपल्याकडे जाहीरनामा, वचननामा, संकल्पपत्र काहीही म्हणा, ते मतदानाच्या तोंडावर येतं. २०२४ च्या लोकसभेला पहिल्या टप्प्याचं मतदान १९ एप्रिलला होतं आणि काँग्रेसचा जाहीरनामा आला ५ एप्रिलला, भाजपचं संकल्पपत्र १४ एप्रिलला, म्हणजे वाचायला पाच दिवस. इथं पक्षाच्या अधिवेशनात प्लॅटफॉर्म मंजूर होतो, आणि अधिवेशन असतं जुलै-ऑगस्टमध्ये, मतदान नोव्हेंबरमध्ये. २०२४ ला रिपब्लिकनांनी मिलवॉकीला जुलैमध्ये मंजूर केला, डेमोक्रॅट्सनी शिकागोला ऑगस्टमध्ये. म्हणजे अडीच ते साडेतीन महिने हातात असतात, तेवढ्यात रोज दोन पानं वाचली तरी होतं.

कुठे मिळतो? पक्षाच्या साइटवर असतो, पण मी कॅलिफोर्निया युनिव्हर्सिटीच्या सांता बार्बराच्या कॅम्पसवर जो अमेरिकन प्रेसिडेन्सी प्रोजेक्ट आहे त्यांच्या साइटवरून घेते, कारण तिथं १८४० पासूनचे सगळे आहेत, हरलेल्या आणि बंद पडलेल्या पक्षांचे सुद्धा, फुकट, लॉगिन वगैरे काही नाही. १८४० चा डेमोक्रॅट्सचा, बाल्टिमोरच्या अधिवेशनातला, म्हणजे नऊ छोटे ठराव, एका पानात मावतो. २०२० आणि २०२४ चे डेमोक्रॅट्सचे नव्वद पानांच्या आसपास. रिपब्लिकनांचा २०१६ चा साठएक पानांचा आणि २०२४ चा फक्त सोळा. पानं कमी-जास्त आहेत म्हणून लगेच काही निष्कर्ष काढू नका, नव्वद पानांत प्रत्येक गटाला एकेक परिच्छेद देऊन समाधान केलेलं असतं आणि सोळा पानांत बरंचसं उमेदवाराच्या मर्जीवर सोडलेलं असतं, दोन्ही वाचायची पद्धत वेगळी.

आणि हो, कागद पक्षाचाच आहे ना हे आधी बघा, मी यात एकदा चुकलेय. २०२४ ला व्हॉट्सअॅपवर एक यादी फिरत होती, "रिपब्लिकन प्लॅटफॉर्ममध्ये हे हे लिहिलंय" अशी, मी ती मंडळाच्या ग्रुपवर टाकली आणि मग रात्री मूळ सोळा पानं काढून शोधायला बसले तर त्यातलं निम्मं तिथं नव्हतंच, ते प्रोजेक्ट २०२५ मधलं होतं. तो कागद हेरिटेज फाउंडेशन नावाच्या संस्थेने २०२३ मध्ये काढलेला, नऊशेच्या वर पानं, आणि ट्रम्प यांनी प्रचारात तो आपला नाही म्हणून सांगितलेलं. त्याचा पुढे सरकारवर किती परिणाम झाला हा वेगळा आणि महत्त्वाचा विषय आहे, पण तो पक्षाने अधिवेशनात मंजूर केलेला प्लॅटफॉर्म नाही. दुसऱ्या दिवशी मी ग्रुपवर दुरुस्ती टाकली, आणि तेव्हापासून नियम केला की मूळ कागदात शब्द शोधून सापडल्याशिवाय पुढे काहीही पाठवायचं नाही. तुम्हीही तसंच करा. तसंच प्रत्येक राज्यातल्या पक्षाचा वेगळा प्लॅटफॉर्म असतो, टेक्सासच्या रिपब्लिकनांचा वेगळा आणि तो पुष्कळदा देशपातळीवरच्यापेक्षा जास्त कडक असतो, त्यामुळे बातमीत "पार्टी प्लॅटफॉर्म" असं वाचलं तर कुठल्या पातळीवरचा ते बघा.

कधीकधी नवीन प्लॅटफॉर्म नसतोच. २०२० ला मी रिपब्लिकनांचा शोधत बसले, सापडेना, मग कळलं की त्या वर्षी त्यांनी नवीन केलाच नाही, एक छोटा ठराव केला की आम्ही प्रेसिडेंटच्या अमेरिका-फर्स्ट अजेंड्याला पाठिंबा देतो, आणि २०१६ चाच पुढे चालू ठेवला. डेमोक्रॅट्सचा २०२४ चा वेगळ्या कारणाने विचित्र आहे. त्यात बायडेन यांच्या दुसऱ्या टर्मबद्दल लिहिलेलं आहे, आणि अधिवेशनात मंजूर झाला तेव्हा उमेदवार होत्या कमला हॅरिस, कारण मसुदा कमिटीत जुलैच्या मध्यावर पक्का झाला आणि बायडेन यांनी २१ जुलैला माघार घेतली. म्हणजे मसुदा कधी पक्का झाला आणि त्यानंतर काय काय घडलं हे माहीत नसेल तर तुम्ही दुसऱ्याच उमेदवाराचं म्हणणं वाचत बसाल.

आता कोण लिहितं हे थोडं समजून घ्या. रिपब्लिकनांच्या कमिटीत प्रत्येक राज्याचे दोघं, एक बाई एक पुरुष. डेमोक्रॅट्सची मसुदा कमिटी छोटी आणि मग मोठी कमिटी, मग अधिवेशन. २०१६ ला त्या पंधरा जणांच्या मसुदा कमिटीत सहा नावं हिलरी क्लिंटन यांच्याकडून, पाच उमेदवारीसाठी त्यांच्याशी लढलेल्या बर्नी सँडर्स यांच्याकडून आणि चार पक्षाच्या अध्यक्षांकडून आली होती. बघा, सँडर्स प्रायमरी म्हणजे पक्षाचा उमेदवार ठरवणारी निवडणूक हरले होते, तरी पाच माणसं त्यांची. म्हणूनच त्या प्लॅटफॉर्ममध्ये तासाला १५ डॉलर किमान वेतन आलं. माझं सगळं वाचून झालेलं मत असं आहे की प्लॅटफॉर्म हा मतदाराला दिलेल्या वचनांची यादी म्हणून वाचला तर अर्धाच कळतो, तो पक्षाच्या घरातल्या भांडणाचा निकाल म्हणून वाचायचा, कोण जिंकलं, कोणाची एका वाक्यावर समजूत काढली, कोणाला दार दाखवलं.

हे मला कळलं ते १८६० मुळे. शिकागोला रिपब्लिकनांचं अधिवेशन, लाकडी वाड्यासारखी मोठी इमारत, तिला विगवॅम म्हणायचे, लिंकन यांना उमेदवारी मिळाली ते हेच. प्लॅटफॉर्मचा मसुदा वाचला गेला तेव्हा ओहायोचे जोशुआ गिडिंग्ज उठले, वय झालेलं, आयुष्य गुलामगिरीविरुद्ध लढण्यात गेलेलं, आणि म्हणाले की स्वातंत्र्याच्या जाहीरनाम्यातलं "सगळी माणसं समान जन्माला आली आहेत" हे वाक्य यात घाला. सभेने नाही म्हटलं. नवा पक्ष, निवडणूक जिंकायची, लोक बिचकतील अशी भीती. गिडिंग्ज उठून बाहेर चालायला लागले. मग न्यूयॉर्कचे जॉर्ज विल्यम कर्टिस नावाचे तरुण प्रतिनिधी उभे राहिले, त्यांनी तीच दुरुस्ती परत मांडली, भाषण केलं, आणि या वेळी ती मंजूर झाली आणि म्हातारे गिडिंग्ज परत येऊन बसले. आज तुम्ही तो कागद उघडला तर ते वाक्य तिथं दिसतं, सतरा कलमांमध्ये शांतपणे बसलेलं, पण ते तिथं यायला एका माणसाला सभा सोडून जावं लागलं होतं. त्याच प्लॅटफॉर्ममध्ये शेतकऱ्यांना सरकारी जमीन द्यायची आणि पॅसिफिकपर्यंत रेल्वे न्यायची अशी दोन कलमं होती, आणि १८६२ मध्ये दोन्हींचे कायदे झाले, उत्तर-दक्षिण यादवी युद्ध चालू असताना.

त्याच वर्षी डेमोक्रॅट्सचं काय झालं तर चार्ल्सटनला प्लॅटफॉर्मवरूनच अधिवेशन मोडलं. दक्षिणेतल्या लोकांना नव्या प्रदेशांत गुलामगिरीला सरकारी संरक्षण देणारं कलम हवं होतं, ते मिळालं नाही, ते उठून गेले, शेवटी उत्तरेचे डग्लस आणि दक्षिणेचे ब्रेकिनरिज असे दोन उमेदवार उभे राहिले, आणि लिंकन चाळीस टक्क्यांपेक्षाही कमी मतांवर निवडून आले. एक कलम, आणि पक्ष दोन तुकडे.

म्हणून पहिलं काम हे करा, मागच्या वेळचा आणि या वेळचा कागद शेजारी शेजारी ठेवा. मी दोन्ही प्रिंट काढते, डायनिंग टेबलवर पसरते, एकच विषय घेते, म्हणजे इमिग्रेशन किंवा शाळा, आणि नवीन आलेल्या वाक्याखाली हिरवी रेघ आणि गायब झालेल्यावर लाल. प्रिंट नको असेल तर कॉम्प्युटरवर दोन खिडक्या उघडा, चालतं. गायब झालेलं वाक्य सगळ्यात जास्त बोलतं आणि ते कुठल्याच बातमीच्या पहिल्या ओळीत नसतं. उदाहरण घ्या, रिपब्लिकनांच्या प्लॅटफॉर्ममध्ये गर्भपातावर देशभर बंदी यावी, त्यासाठी घटनादुरुस्ती व्हावी अशी मागणी कित्येक निवडणुका होती, २०१६ च्यातही आहे. २०२४ मध्ये ती दिसत नाही, तिथं हा विषय राज्यांवर सोडलाय, उशिराच्या गर्भपाताला विरोध आहे आणि सोबत आयव्हीएफला, गर्भनिरोधकांना पाठिंबा आहे. २०१६ मध्ये लग्न म्हणजे एक पुरुष आणि एक स्त्री असं स्पष्ट होतं, २०२४ मध्ये ती व्याख्या गेली. आणखी मागे जा, स्त्री-पुरुष समान हक्कांच्या घटनादुरुस्तीला पाठिंबा देणारा पहिला मोठा पक्ष रिपब्लिकन, १९४० ला, डेमोक्रॅट्स चार वर्षांनी, आणि १९८० ला रिपब्लिकनांनीच तो पाठिंबा काढून घेतला. एकेक रेघ लाल करत गेलात की पक्ष कुठून कुठे सरकला हे दिसायला लागतं, त्यासाठी कोणा तज्ज्ञाची गरज नाही.

दुसरं काम क्रियापदाचं, आणि इथं घाई करू नका, कारण सगळी मेख इथंच आहे. "वुई विल" असेल तर आम्ही करू. "वुई सपोर्ट" असेल तर आमचा पाठिंबा आहे, म्हणजे दुसऱ्या कोणी केलं तर बरं. "वुई कॉल ऑन काँग्रेस" म्हणजे काँग्रेसने करावं, आणि इथं काँग्रेस म्हणजे संसद बरं का, आपला पक्ष नाही, सासूबाई पहिल्यांदा आल्या होत्या तेव्हा त्यांचा यात फार गोंधळ झाला होता. "वुई बिलीव्ह" म्हणजे आम्हाला असं वाटतं. मी वाक्याच्या डाव्या समासात फक्त क्रियापद मराठीत लिहिते, करू, पाठिंबा, करावं, वाटतं, आणि पान संपलं की नुसता समास वर-खाली वाचते. पानभर मोठमोठे शब्द आणि समासात सगळं "वाटतं" आणि "पाठिंबा" असेल तर त्या विषयावर पक्षाने अंग काढून घेतलंय असं समजा. आणि आकडा, तारीख असेल तिथं चौकट करा. १९३२ च्या डेमोक्रॅट्सच्या प्लॅटफॉर्ममध्ये लिहिलेलं होतं की सरकारी खर्चात किमान २५ टक्के बचत करू, आणि दारूबंदी उठवू. छोटासा कागद, स्पष्ट शब्द. दारूबंदी खरंच उठली, ५ डिसेंबर १९३३ ला एकविसावी घटनादुरुस्ती मंजूर झाली. खर्चाचं मात्र उलटं झालं, प्रेसिडेंट म्हणून रूझवेल्ट आले आणि न्यू डील नावाच्या त्यांच्या सरकारी योजना आल्या, सरकारने कधी केला नव्हता इतका खर्च केला, कारण लोक उपाशी होते आणि बँका बुडत होत्या. मी त्यांना दोष देत नाही, माझ्या मते त्या वेळी तेच बरोबर होतं, पण चौकट केलेली असेल तर निदान आपल्याला विचारता येतं की हे का बदललं.

तिसरं काम म्हणजे प्रत्येक वचनापुढे लिहायचं की हे करायला कोण लागतं. आपल्याकडे बहुमत मिळालं की सरकार कायदा करू शकतं, त्यामुळे जाहीरनामा आणि सत्ता यांच्यात फार भिंती नसतात. इथं प्रेसिडेंट एकीकडे, हाउस आणि सेनेट ही संसदेची दोन सभागृहं दुसरीकडे, कोर्ट तिसरीकडे, राज्यं चौथीकडे, आणि सेनेटमध्ये बहुतेक कायद्यांना १०० पैकी ६० मतं जमवावी लागतात. घटनादुरुस्ती असेल तर दोन्ही सभागृहांत दोन तृतीयांश आणि मग ५० पैकी ३८ राज्यं. मी पुढे एक अक्षर लिहिते, प्रे, सं, रा, घ, म्हणजे प्रेसिडेंट, संसद, राज्यं, घटनादुरुस्ती. "घ" असलेलं वचन दोन वर्षांत पुरं होईल अशी आशा धरायची नाही, ते पक्षाने आपल्या लोकांना दाखवायला लावलेलं निशाण असतं.

१५ डॉलरचंच बघा, म्हणजे कळेल. २०१६ ला आणि २०२० ला डेमोक्रॅट्सच्या प्लॅटफॉर्ममध्ये ते होतं. बायडेन निवडून आले, सेनेट हातात आली, म्हणजे होईल असं वाटलं. २०२१ च्या मार्चमध्ये सेनेटमध्ये मतदान झालं, ५८ विरुद्ध ४२ असं पडलं, आणि विरोधात मत देणाऱ्यांमध्ये डेमोक्रॅट्स पण होते. मग बायडेन यांनी जे प्रेसिडेंटच्या हातात होतं ते केलं, सरकारी कंत्राटदारांच्या कामगारांसाठी ऑर्डर काढून १५ डॉलर केले. बाकी सगळ्यांसाठी देशाचं किमान वेतन २००९ पासून ७.२५ डॉलरच आहे. म्हणजे एकच वचन, पण "प्रे" एवढा भाग झाला आणि "सं" तिथंच अडकला. दुसरीकडे औषधांच्या किमतींवर मेडिकेअरने, म्हणजे म्हाताऱ्या माणसांच्या सरकारी आरोग्य विम्याने, कंपन्यांशी घासाघीस करावी हे पण त्यांच्या प्लॅटफॉर्ममध्ये होतं, आणि ते २०२२ च्या कायद्यात आलं, फक्त काही औषधांपुरतं का होईना.

ट्रम्प यांच्या २०२४ च्या प्लॅटफॉर्ममध्ये वीस वचनं सुरुवातीलाच आहेत, त्यात टिपवर टॅक्स नाही हे एक. संसदेने कायदा केला, ४ जुलै २०२५ ला सही झाली, पण बारीक वाचलं तर २५,००० डॉलरपर्यंतच सूट, ती पण इन्कम टॅक्सपुरती आणि २०२८ पर्यंतच. वचनात तीन शब्द, कायद्यात तीन अटी. आणि शिक्षण खातं बंद करायचं हेही त्या प्लॅटफॉर्ममध्ये आहे, लोकांना वाटतं ही नवीन कल्पना, पण १९८० चा रिपब्लिकन प्लॅटफॉर्म काढा, त्यातही शिक्षण खातं रद्द करण्याबद्दल आहे, खातं तेव्हा नुकतंच सुरू झालं होतं. मार्च २०२५ ला ट्रम्प यांनी ते गुंडाळायला सुरुवात करा अशी ऑर्डर काढली, पण खातं संसदेच्या कायद्याने उभं राहिलंय, पूर्ण रद्द करायला कायदाच लागतो. चव्वेचाळीस वर्षं एक फळी मंचावर पडून राहते आणि मग कोणीतरी तिच्यावर पाय ठेवतं, म्हणून जुनी दिसली तरी तिला मेलेली समजू नका.

लोक मला म्हणतात की उमेदवारच प्लॅटफॉर्म वाचत नाहीत तर आपण कशाला वाचायचा. खरं आहे, १९९६ ला रिपब्लिकन उमेदवार बॉब डोल यांनी सरळ सांगितलं होतं की मी वाचलेला नाही. कायद्याने तो कोणावर बंधनकारक पण नाही, कोर्टात जाऊन मागता येत नाही. पण जेराल्ड पॉम्पर नावाच्या राज्यशास्त्रज्ञांनी १९४४ ते १९६४ चे प्लॅटफॉर्म वचन-वचन तपासले होते आणि त्यांना दिसलं की वचनांपैकी निम्म्याहून बरीच जास्त या ना त्या रूपात पुरी झाली. आणि याचं कारण मला तरी असं वाटतं की प्रेसिडेंट एकटा माणूस, पण प्लॅटफॉर्म लिहिणारे, त्यासाठी भांडणारे लोक पुढे खात्यांमध्ये जातात, सेनेटरच्या ऑफिसात जातात, आणि ते वाक्य सोबत घेऊन जातात.

१९४८ चं सांगते, कारण ते वाचलं त्या रात्री मी बाबांना फोन केला होता, तिकडे सकाळ होती. फिलाडेल्फिया, जुलै, डेमोक्रॅट्सचं अधिवेशन. तेव्हाचे प्रेसिडेंट ट्रुमन यांच्या माणसांनी नागरी हक्कांचं, म्हणजे कृष्णवर्णीयांच्या समान हक्कांचं, कलम मुद्दाम गुळमुळीत ठेवलं होतं, दक्षिणेतले लोक चिडायला नकोत म्हणून. मिनियापोलिसचे मेयर ह्युबर्ट हम्फ्री, वय ३७, त्यांना वरिष्ठांनी समजावलं होतं की यात पडलास तर तुझं राजकारण संपेल. ते मंचावर गेले, दहाच मिनिटं बोलले, म्हणाले की राज्यांच्या हक्कांच्या सावलीतून बाहेर पडून पक्षाने मानवी हक्कांच्या उजेडात यायची वेळ झाली आहे. मतदान झालं, ६५१½ विरुद्ध ५८२½, हो अर्धी मतं पण असायची, आणि कडक कलम मंजूर झालं. मिसिसिपीचे सगळे आणि अलाबामाचे निम्मे प्रतिनिधी उठून निघून गेले, स्ट्रॉम थर्मंड यांना उभं करून वेगळा पक्ष काढला, त्यांना ३९ इलेक्टोरल मतं पडली, म्हणजे राज्याराज्यातून मिळणारी, ज्यांवर प्रेसिडेंट ठरतो ती. सगळ्यांना वाटलं ट्रुमन संपले. पण १४ जुलैला कलम मंजूर झालं आणि २६ जुलैला ट्रुमन यांनी सैन्यातला भेदभाव संपवायची ऑर्डर काढली, १२ दिवसांत, आणि नोव्हेंबरमध्ये निवडूनही आले. बाबांनी सगळं ऐकून घेतलं आणि एवढंच विचारलं, ६९ मतांनी ना? मी म्हटलं हो, ६९. त्यांनी ते वहीत लिहून ठेवलं.

छोट्या पक्षांचे पण वाचा, मत द्यायचं नसलं तरी. १८९२ ला ओमाहाला पॉप्युलिस्ट नावाच्या शेतकऱ्यांच्या पक्षाने ४ जुलैला प्लॅटफॉर्म काढला, त्यात श्रीमंतांवर चढत्या दराने इन्कम टॅक्स होता, आणि सोबत जोडलेल्या ठरावांमध्ये सेनेटर थेट लोकांनी निवडायचे, गुप्त मतदान, असं सगळं होतं. त्यांचे उमेदवार जेम्स वीव्हर यांना दहा लाखांवर मतं आणि २२ इलेक्टोरल मतं मिळाली, बस्स, पक्ष पुढे विरघळून गेला. पण १९१३ मध्ये सोळावी आणि सतरावी घटनादुरुस्ती झाली, एक इन्कम टॅक्सची आणि एक सेनेटर थेट निवडायची. आपण दर एप्रिलला जो टॅक्स भरतो त्याची फळी त्या हरलेल्या पक्षाच्या मंचावरची आहे.

प्रत्यक्ष बसायचं कसं ते सांगते. एकट्याने नव्वद पानं होत नाहीत, आम्ही २०२४ च्या ऑगस्टमध्ये चार घरं मिळून बसलो, पोहे-चहा, प्रत्येकाने एक विषय घेतला, तोच विषय दोन्ही पक्षांतला, एकाच पक्षाचा नाही, हे महत्त्वाचं, नाहीतर प्रत्येकजण आपल्या आवडीच्या पक्षाचा वकील होऊन बसतो. आमच्यात दोन्ही बाजूंना मत देणारे आहेत आणि तरी भांडण झालं नाही कारण बोलणं कागदावरच्या वाक्यावर होतं. दोन तासांत सहा विषय झाले. भारताबद्दल काय लिहिलंय हे सगळ्यात आधी शोधायचा मोह होतो, शोधा, २०२० च्या डेमोक्रॅट्सच्यात भारताशी भागीदारीबद्दल वाक्य आहे, २०१६ च्या रिपब्लिकनांच्यात भारत मित्र आणि व्यापारी भागीदार आहे असं आहे, पण अशा वाक्यांपुढे क्रियापद बघा आणि पुढे जा, त्यावर मत ठरवू नका. आपल्या घरात लागणारे विषय म्हणजे मेडिकेअर, सोशल सिक्युरिटी म्हणजे सरकारी पेन्शन, शाळा, व्हिसा, तिथं वेळ घाला. आणि प्रेसिडेंटच्या मतपत्रिकेवरच हाउसचे आणि पुष्कळदा सेनेटचे पण उमेदवार असतात, ज्या वचनांपुढे तुम्ही "सं" लिहिलंय ती खरं तर त्यांच्या हातात आहेत, म्हणून त्यांच्या सभेत, फोनवर तीच वाक्यं वाचून दाखवा आणि विचारा की तुम्ही याला मत देणार का. मी आमच्या हाउसच्या उमेदवाराच्या ऑफिसला फोन करून मेडिकेअरच्या वाक्याबद्दल विचारलं होतं, फोनवरच्या मुलीने ते वाक्य लिहून घेतलं आणि चार दिवसांनी परत फोन करून उत्तर दिलं.

निवडणूक झाली की कागद फेकू नका. फाइलमध्ये ठेवा, दर जानेवारीत एकदा काढा, झालेल्यापुढे तारीख टाका.

आणि अजून एक, मसुदा कमिट्या लोकांचं म्हणणं ऐकतात. २०१६ ला डेमोक्रॅट्सनी वॉशिंग्टन, फिनिक्स अशा ठिकाणी सुनावण्या घेतल्या होत्या, साधे लोक जाऊन बोलले होते. २०२८ चा मसुदा त्या वर्षीच्या वसंतात सुरू होईल असं धरून आमच्या चार घरांनी आत्ताच एक पान लिहायला घेतलंय, दोन्ही पक्षांना तेच पाठवायचं. विषय आमच्या ओळखीतल्या मुलांचा आहे, आईवडील एच-१बी या नोकरीच्या व्हिसावर, ग्रीन कार्डच्या रांगेत एका देशाला सात टक्क्यांची मर्यादा असल्यामुळे वर्षानुवर्षं उभे, आणि मूल इथंच लहानाचं मोठं होऊन २१ वर्षांचं झालं की आईवडिलांच्या अर्जातून बाहेर पडतं. गेल्या रविवारी पहिला मसुदा वाचला तेव्हा त्यात आम्ही लिहिलं होतं की पक्षाने या मुलांना पाठिंबा द्यावा. समासात क्रियापद लिहायला घेतलं आणि सगळ्यांच्या एकदमच लक्षात आलं, ते खोडलं, आणि आता तिथं एकच वाक्य मागितलंय, "वुई विल" ने सुरू होणारं.